बातमी न घेता आलेला पाद्री

प्रसन्न उजागरेला मी तो पाळण्यात असल्यापासून पाहिलं आहे. पण त्याची खरी ओळख झाली ती त्याच्या हातात फाइल, म्हणजे कानस, दिल्यावर.

त्याच्या वडिलांनी, अरुणने, आणि मी डेट्रॉइटजवळच्या एका शॉपमध्ये, म्हणजे लहानशा कारखान्यात, शेजारशेजारच्या बेंचवर काम केलं. मोटारीचा पत्रा ज्या साच्यात दाबून त्याला आकार देतात, त्याला डाय म्हणतात. ते डाय आम्ही बनवायचो. मी पिंपरीहून आलेलो, अरुण अहमदनगरहून. ट्रॉय ह्या उपनगरात दोघांची घरं एकाच रस्त्यावर. मराठी मंडळात बाकी सगळे इंजिनिअर. नखात तेल अडकलेले आम्ही दोघंच. त्यात अरुण ख्रिस्ती. जुन्या अँग्लिकन मिशनमधलं घराणं, आजोबा राहुरीकडे पाद्री होते. नाताळला त्यांच्याकडे करंज्या आणि अनारसे असायचे. ते आमच्या दिवाळीच्या अनारशांपेक्षा चांगले व्हायचे, हे माझ्या बायकोनेही मान्य केलं होतं.

हायस्कूलच्या शेवटच्या उन्हाळ्यात अरुणने पोराला शॉपमध्ये आणलं. म्हणाला, "ह्याला घाम काय असतो ते दाखव." मी त्याला एक ठोकळा दिला आणि सपाट कर म्हणालो. बहुतेक पोरं फाइल हाताने मारतात आणि लगेच दमतात. फाइल पायापासून मारायची असते. पाठ पुढे गेली पाहिजे, हात नुसते धरायला. एकदा सांगितलं. जेवणाच्या सुट्टीनंतर पाहिलं तर त्याची पाठ हलत होती. दुसऱ्यांदा सांगावं लागलं नाही. हे मी फार कमी लोकांबद्दल लिहू शकतो.

उन्हाळा संपला आणि त्याने सैन्यात नाव घातलं.

मंडळात चर्चा झाली. कुणी अरुणला विचारलं, "का हो, मार्क कमी पडले का?" आपल्यातली मुलं मिशिगन युनिव्हर्सिटीत जातात, सैन्यात जात नाहीत, असा त्या प्रश्नाचा अर्थ. त्यानंतर बराच काळ तो मंडळात गेला नाही. प्रसन्नची तुकडी अफगाणिस्तानात गेली तेव्हा अरुणने शॉपमधलं आपलं बेंच फिरवून घेतलं. आधी तो ऑफिसच्या दाराकडे तोंड करून काम करायचा. आता पाठ करून करू लागला. फोरमनने कारण विचारलं. उजेडाचं कारण दिलं. उजेड दोन्ही बाजूंना सारखाच होता.

पोरगा परत आला तो सिल्व्हर स्टार घेऊन. शौर्याबद्दल मिळणारं मोठं पदक. ते दिलं तेव्हा अरुण आणि रत्नावहिनींनी मलाही नेलं होतं. तिथे एका अधिकाऱ्याने वाचून दाखवलं ते एवढंच: गाडीखाली स्फोट झाला, गाडी पेटली, समोरून गोळीबार चालू होता, आणि सार्जंट उजागरेने आत जाऊन दोघांना ओढून काढलं. तिसऱ्यासाठी परत गेला. तिसरा निघाला नाही. प्रसन्नच्या डाव्या हाताची कातडी कोपरापर्यंत चकाकते, ती त्या परत जाण्यामुळे. ह्याबद्दल त्याने स्वतःहून कधी सांगितलं नाही. मी विचारलं नाही.

सैन्य सोडून तो पुन्हा आमच्या शॉपमध्ये आला. मी त्याला जुळवणीचं काम दिलं. डायच्या एका भागाला निळा रंग लावायचा, दुसरा भाग त्यावर दाबायचा, जिथे रंग उठतो तिथे घासायचं. परत रंग, परत दाब, परत घास. दिवस जातो आणि बाहेरून काहीच झालेलं दिसत नाही. हे काम कुणाला आवडत नाही. त्याला आवडायचं. एकदा रंग पुसता पुसता म्हणाला, "काका, मी पाद्री व्हायचा विचार करतोय."

"पोट भरेल का त्यात?"

"नाही बहुतेक."

"मग शनिवारी इथं येत जा."

तो आला. कॉलेज केलं, मग सेमिनरी, म्हणजे पाद्री व्हायचं शिक्षण केलं, आणि ती सगळी वर्षं शनिवारी डाय घासली. रत्नावहिनी दीक्षा बघायला राहिल्या नाहीत. अरुण पहिल्या बाकावर बसला होता. अमेरिकेत अँग्लिकन पंथाच्या चर्चला एपिस्कोपल म्हणतात. प्रसन्नला मिळालेलं चर्च लहान, माणसं म्हातारी, निम्मी मोटारीच्या कारखान्यांतून रिटायर झालेली. छप्पर गळायचं. बिशपला कळवण्याआधी तो स्वतः शिडी लावून वर चढला. मी नाताळला अरुणबरोबर जातो. प्रसन्नचं प्रवचन छोटं असतं. छोटं करायला किती वेळ लागतो ते मला माहीत आहे.

मग तो म्हणाला, परत सैन्यात जातो. नॅशनल गार्डमध्ये, म्हणजे आपलं काम सांभाळून करायच्या सैन्यात, चॅप्लेन म्हणून. म्हणजे सैनिकांचा पाद्री. अरुणच्या स्वयंपाकघरात हे बोलणं झालं. मी तिथे होतो.

"पाद्री झालास, बरं झालं," अरुण म्हणाला. "माझ्या बापाचं नाव राखलंस. आता वर्दी कशाला परत?"

"तिथली पोरं चर्चमध्ये येत नाहीत, पप्पा. त्यांच्याकडे जावं लागतं."

"बंदूक देतात का?"

"नाही. चॅप्लेनने हत्यार धरायचं नाही. नियम आहे."

"वा! आधी बंदूक घेऊन जळून आलास. आता बिनबंदुकीचा जा."

प्रसन्न हसला. अरुण हसला नाही. पण पोरगा गेला. गार्डच्या शिबिरात तो काय करतो हे मला पुढे एका सैनिकाकडून कळलं. ट्रकखाली झोपून पाना धरतो. बोलायचं असेल तो माणूस शेजारी येऊन झोपतो. बोलायचं नसेल तर ट्रक तरी दुरुस्त होतो.

त्याच्या कामात आणखी एक भाग होता. गार्डमधला कुणी गेला की घरी कळवायला दोघं जातात. फोन करत नाहीत. दोघंही पूर्ण ड्रेसमध्ये, पदकांच्या फितींसह. एक अधिकारी, तो ठरलेलं वाक्य बोलतो. बरोबर शक्यतो चॅप्लेन. प्रसन्न असा किती घरांत गेला ते मला माहीत नाही. तो तिथून आला की अरुणचं अंगण झाडायचा. झाडलेलं असलं तरी.

आता गेल्या वर्षीची गोष्ट.

आमच्या रस्त्याच्या टोकाला विनीता राहते. नागपूरची. नवरा विक्रम मोटार कंपनीत, महिन्यातले निम्मे दिवस मेक्सिकोतल्या प्लँटवर. एकुलता मुलगा वीर. प्रसन्ननंतर आमच्या लोकांतला सैन्यात गेलेला हा दुसराच. तोही गार्डमध्ये, पण प्रसन्नच्या तुकडीत नाही. वीरची तुकडी त्या उन्हाळ्यात कुवेतला गेली. जाण्याआधी घरच्यांची एक मीटिंग झाली. बातमी कशी येते, कोण येतं, कसे कपडे घालून येतं, हे तिथे सगळं सांगितलं. विनीताने मन लावून ऐकलं.

त्याच सुमारास मंडळाच्या अध्यक्ष शैलाताईंच्या मनात आलं की प्रसन्नचा सत्कार करायचा. शाल, श्रीफळ, ढोल, फेटा. इतक्या वर्षांनी. प्रसन्न नको म्हणाला. शैलाताई म्हणाल्या, "अहो, आपल्या मुलांना कळू दे की हेही एक करिअर आहे!" तरी तो नकोच म्हणाला. मग त्या अरुणकडे गेल्या. अरुण आता वॉकर घेऊन चालतो. तो पोराला म्हणाला, "ज्यांनी मार्क विचारले होते ना, त्यांनी एकदा उठून उभं राहावं. मला बघायचंय." मग प्रसन्न हो म्हणाला.

"आणि युनिफॉर्ममध्येच यायचं हं," शैलाताईंनी बजावलं. "मेडल दिसलं पाहिजे. स्वेटर घालून आलात तर मी स्टेजवर घेणार नाही."

त्याने वरिष्ठांची परवानगी काढली. औक्षण विनीताने करायचं ठरलं. मुलगा सैन्यात आहे, तिचाच मान.

नोव्हेंबरचा शनिवार होता. अरुणला कुणीतरी आधीच हॉलवर नेलं होतं. प्रसन्नला मी माझ्या गाडीतून नेत होतो. निघताना मंडळातल्या राधिकाचा फोन आला. ती विनीताला घेऊन येणार होती, पण तिला ताप भरला होता. "काका, जाता जाता विनीताला घ्याल का?" हो म्हणालो. विनीताला फोन लावला, उचलला नाही. तयार होत असेल, म्हटलं. घर वाटेवरच.

मी काळा सूट घातला होता. प्रसन्न निळ्या ड्रेसमध्ये, छातीवर फिती, कोटाच्या कॉलरवर क्रॉस. दोघं पायऱ्या चढलो. घंटी दाबली.

इकडे घंटीला कॅमेरा असतो. आतला माणूस फोनवर बघतो आणि घंटीतूनच बोलतो. आम्ही उभे राहिलो. मग दाराची दुसरी कडी आतून लागल्याचं ऐकू आलं.

"विनीताताई, मी आहे," मी म्हणालो. "चला, उशीर होतोय."

घंटीतून आवाज आला. बारीक, सपाट. "त्याला घेऊन जा."

"कुणाला?"

"त्याला. वर्दीवाल्याला. घेऊन जा म्हणते ना. मी नाही उघडत."

मला अजून कळलं नव्हतं. प्रसन्नला कळलं. त्याने आपल्या बाहीकडे पाहिलं, माझ्या काळ्या कोटाकडे पाहिलं. "काका," तो म्हणाला, "आपण दोघं आहोत." आणि हात अंगापासून दूर धरून तो उलट्या पावली पायऱ्या उतरला. हिरवळीवर जाऊन उभा राहिला.

"काकू, मी कुठलीही बातमी घेऊन आलेलो नाही. माझा सत्कार आहे, तिकडे चाललोय. राधिका आजारी आहे, म्हणून तुम्हाला घ्यायला आलो. एवढंच आहे."

"असंच सांगत असतील. आधी गोड बोलायचं. मग बसा म्हणायचं. मला माहीत आहे सगळं, दोघं येतात, एक पाद्री असतो."

"हो. ते खरं आहे."

हे त्याने म्हणायला नको होतं, असं मला वाटलं.

"काहून मग त्याचा फोन बंद लागते? दुपारपासून बंद आहे. तू म्हण, वीर ठीक आहे म्हणून. पाद्री आहेस ना? खोटं नाही बोलायचा. म्हण!"

कुवेतमध्ये तेव्हा मध्यरात्र होत आली असेल. पोरगा फोन बंद करून झोपला असणार. मी खाली जाऊन प्रसन्नला कोपर मारलं. "म्हण ना बाबा. काय जातंय?"

त्याने म्हटलं नाही. "काकू, मला कुणी काही कळवलेलं नाही. काही झालं असतं तर ह्या भागासाठी मला फोन आला असता, बहुतेक. पण वीरला मी आत्ता पाहिलेलं नाही. मी तिकडे विचारतो. तुम्ही त्याचा आवाज ऐकेपर्यंत मी इथून हलणार नाही."

बहुतेक! त्या बाईला तो 'बहुतेक' म्हणाला. आतून रडण्याचा आवाज आला, तो घंटीतून ऐकायला फार वाईट लागतो. मग तोही बंद झाला.

प्रसन्नने वीरच्या तुकडीच्या चॅप्लेनला फोन लावला. लागला नाही. मग कुठला तरी ड्यूटीवरचा सार्जंट मिळाला. त्याला इंग्रजीत सगळं सांगितलं. तिकडून काहीतरी वैतागलेलं उत्तर आलं असावं. प्रसन्न शांतपणे म्हणाला, "यस सार्जंट, त्याला उठवा. आईला फोन करायचाय. माझ्या नावावर घाला." फोन ठेवला. कोट काढला, आतली बाजू बाहेर करून नीट घडी घातली आणि गाडीच्या मागच्या सीटवर ठेवला. नुसत्या शर्टावर येऊन पायरीवर बसला, दाराकडे पाठ करून. थंडी चांगलीच होती. मी माझा कोट देऊ केला. "काळा नको," म्हणाला.

मी त्याच्या शेजारी बसलो. राग आला होता, तो काढला. "दोन शब्द बोलला असतास तर दार उघडलं असतं."

"बोललो होतो एकदा," तो म्हणाला. "त्या गाडीतून ज्या दोघांना काढलं ना, त्यातला एक हेलिकॉप्टरमध्ये मला विचारत होता, तिसरा कसा आहे. मी म्हणालो, ही इज ओके. ठीक आहे तो. त्याला धीर यावा म्हणून. तो जगला. हॉस्पिटलमध्ये त्याला खरं कळलं. त्यानंतर तो माझ्याशी बोलला नाही, काका. मी ओढून काढलेला माणूस. अजून बोलत नाही."



शैलाताईंचा फोन आला. मी घेतला. "कुठे आहात तुम्ही? हॉल भरलाय, ढोलवाले वॉर्मअप करून करून दमले! काहीतरी प्रॉब्लेम?"

"येतो," म्हणालो.

"येतो काय? फेटे बांधून बसलीयत मुलं. आणि विनीता कुठाय? ताम्हन तिच्याकडेच आहे!"

मी जमेल तसं सांगितलं. त्या एकदम थांबल्या. मग म्हणाल्या, "अगं बाई. युनिफॉर्म घाला म्हणून मीच..." आणि फोन अरुणला दिला.

अरुणला परत सांगितलं. तो सावकाश ऐकत होता. इतकी वर्षं थांबून तो आज समोरच्या खुर्चीत येऊन बसला होता. मला वाटलं, ओरडेल.

"दार उघडलं का तिने?"

"नाही अजून."

"उघडणार नाही. मीही उघडलं नसतं. पोराला सांग, तिथंच बस. नारळ नासत नाही." आणि फोन ठेवला.

हे प्रसन्नला सांगितलं. त्याने मान हलवली आणि चकाकणारा हात दुसऱ्या हाताने चोळत राहिला. मग दाराकडे न बघता मोठ्याने म्हणाला, "काकू, वीर लहानपणी तुमच्या गॅरेजच्या छपरावर चढायचा, आठवतं? खाली उतरता यायचं नाही."

मग घंटीतून आवाज आला. "अग्निशामकवाले बोलवायला निघाली होती मी. तू शिडी आणली."

"पप्पांची शिडी. एक पायरी मोडकी होती."

"म्हणून तू खाली उभा राहून त्याला खांद्यावर घेतलं." मग ती म्हणाली, "थंडी वाजते का रे?"

"वाजते."

"वाजू दे."

असं चाललं होतं. ती वीरचं एकेक काढत होती, तो हो-नाही म्हणत होता. उजेड कमी होत आला. मग आत फोन वाजला.

पहिल्यांदा नुसती किंकाळी. मग स्पीकरवर पोराचा झोपेतला आवाज, आम्हालाही ऐकू येईल इतका मोठा: "आई? व्हॉट हॅपन्ड? सार्जंटने मला लाथ मारून उठवलं यार! आर यू ओके? बाबा ओके?"

"तू बोल," ती म्हणत होती. "काहीही बोल. बोलत राहा. जेवला का?"

"आई, इट्स मिडनाइट!"

"जेवला का सांग आधी!"

प्रसन्नने दोन्ही हातांत तोंड धरलं. त्याचे खांदे हलत होते. मी रस्त्याकडे पाहत बसलो. अशा वेळी माणसाकडे पाहू नये.

दार उघडलं तेव्हा विनीता नऊवारी नेसून, नथ घालून, सगळं काजळ गालावर घेऊन उभी होती. तिने प्रसन्नकडे पाहिलं. आत गेली, विक्रमचा करडा स्वेटर घेऊन आली, त्याच्या अंगावर फेकला.

"माझ्या दारात परत असा येऊ नको."

त्याने स्वेटर घातला. मग म्हणाला, "काकू, कधी यायची वेळ आली, देव करो न येवो, तर ते काम मी मागून घेईन. अनोळखी माणूस येऊ नये म्हणून. मिळेलच असं नाही सांगत. पण मागेन."

मला वाटलं, आता ही ह्याच्या तोंडात मारते. ती दाराच्या चौकटीला धरून उभी राहिली. म्हणाली, "मग मधल्या दिवसांत पण ये. साध्या कपड्यांत. काही काम नसताना. नाहीतर तुझं तोंड दिसलं की मी मेलेच प्रत्येक वेळी."

"येईन."

"चहा पिऊन जायचं. बसायचं."

"हो काकू."

हॉलवर पोचलो तेव्हा निम्मी माणसं गेली होती. ढोलवाल्यांतली लहान मुलं तर सगळीच गेली होती. शैलाताई स्वेटरबद्दल एक शब्द बोलल्या नाहीत. स्वतः हात धरून त्याला स्टेजवर घेतलं. विनीताने औक्षण केलं. शाल करड्या स्वेटरवरच घातली. उरलेले लोक उठून उभे राहिले. अरुणला वॉकर धरून उठायला वेळ लागला, तोवर बाकीचे बसत होते. त्याला उभा पाहून ते परत उठले. घरी जाताना तो एवढंच म्हणाला, "स्वेटर कुणाचा रे? बरा आहे."

वीर अजून कुवेतलाच आहे. परतायची तारीख एकदा पुढे गेली आहे.

प्रसन्न दर गुरुवारी विनीताकडे जातो. गाडी तिच्या दारात नेत नाही, माझ्याकडे लावतो. तिथून चालत जातो, चर्चची पांढरी कॉलर काढून, जीन्समध्ये. घंटी दाबत नाही. घर दिसायला लागलं की रस्त्यावरूनच ओरडतो, "काकू, चहा टाका!" आमच्या रस्त्यावर कुणी ओरडत नाही. शेजारचा अमेरिकन सुरुवातीला खिडकीत यायचा. आता येत नाही.

कधी बर्फ असतं, कधी त्याच्या चर्चमध्ये कुणाचा अंत्यविधी असतो. एकही गुरुवार चुकलेला मी पाहिलेला नाही. माझी खिडकी रस्त्यावर आहे. चुकला असता तर मला दिसलं असतं.